नाटक लिहितो, सिनेमावाले बोलावताहेत, नोकरी सोडू का?

वाचकाचं पत्र, थोडक्यात: ताई, मी अमळनेर तालुक्यातल्या एका अनुदानित शाळेत मराठी शिकवतो, वय ३६. बारा वर्षं आमच्या ग्रुपसाठी एकांकिका, नाटकं लिहितोय, राज्य नाट्य स्पर्धेत जळगाव केंद्रावर चार वेळा उतरलो. मागच्या वर्षीचं नाटक कापूस विकायला जिनिंगबाहेर, म्हणजे सरकी काढायच्या गिरणीबाहेर, तीन दिवस ट्रॅक्टर लावून बसलेल्या बाप-लेकाचं, निम्मं अहिराणीत. ते बघून मुंबईच्या एका निर्मात्याचा फोन आला, सिनेमा करू म्हणतात. एकवीस हजार टोकन, एका पानावर सही, आणि सहा महिने मुंबईत येऊन राहा, म्हणजे नोकरी सोडणं आलंच. अहिराणी काढा म्हणतात. ग्रुपमधले मित्र बोलत नाहीत, आमचे दिग्दर्शक म्हणाले, नाटकावर पाय देऊन वर चढतोयस. बायको म्हणते तुम्ही ठरवाल ते, पण दोन लहान मुलं आहेत, घराचा हप्ता आहे. मला एकच सांगा, नाटक की सिनेमा?

भाऊ, तुमचं पत्र सहा पानी होतं, त्यातलं ओळख पटेल असं सगळं काढून वर एवढंच ठेवलंय. रात्री जेवणं झाल्यावर वाचायला घेतलं आणि संपल्यावर परत पहिल्या पानावर गेले, कारण शेवटच्या ओळीत तुम्ही जे विचारलंय आणि आधीच्या पाच पानांत जे लिहिलंय त्याचा मेळच बसेना. विचारलंय नाटक की सिनेमा. पण पत्रभर टोचतंय ते दुसरंच, त्या कागदावर नेमकं काय लिहिलंय ते कळलेलं नाही, जिवाभावाची माणसं बोलेनाशी झालीत, आणि बापाच्या तोंडची भाषा बदला म्हटल्यापासून तुम्हाला झोप नाही. नाटक की सिनेमा हा प्रश्न तुमचा नाहीच असं मला वाटतं, तो लोकांनी तुमच्या हातात दिलाय. काही मुंबईच्या माणसाने दिला, काही ग्रुपने.

आधी घाईचं काम. सही केली नसेल तर करू नका, टोकन घेतलं नसेल तर घेऊ नका. आठ-पंधरा दिवस मागून घ्या. खरंच सिनेमा करायचा असेल तर पंधरा दिवसांनी कुणी पळून जात नाही, आणि पंधरा दिवसही थांबायला तयार नसेल तर तेही तुम्हाला आत्ताच कळलेलं बरं.

कागदाचा फोटो पाठवलात हे फार बरं केलंत. त्यात मधेच एक वाक्य आहे, नाटकाचे सर्व हक्क सर्व माध्यमांसाठी, सर्व भाषांसाठी, कायमस्वरूपी आणि जगभरासाठी देत आहे, अशा अर्थाचं. हे वाक्य सावकाश वाचा, मोठ्याने वाचा. सर्व माध्यमांत नाटक पण आलं की. उद्या तुमच्याच ग्रुपला तुमचंच नाटक एरंडोलला करायचं झालं तर परवानगी त्यांची लागेल, पुस्तक काढायचं झालं तरी त्यांची, एखाद्या कॉलेजच्या पोरांनी त्यातला तुकडा एकांकिका म्हणून मागितला तरी त्यांची. आणि खाली श्रेयनामावलीत तुमचं नाव फक्त संवाद या शब्दापुढे आहे, कथा-पटकथेपुढे जागा कोरी ठेवलीय. निर्माता वाईट माणूस आहे असं मी म्हणत नाही हां. असे मसुदे एकाकडून दुसऱ्याकडे फिरत असतात, लिहिणारा विचारत नाही म्हणून तेच पुढे चालतात.

आता कायदा काय म्हणतो ते सांगते, कारण तुमच्यासारखे कितीतरी लिहिणारे चाळीसगावपासून नवापूरपर्यंत पसरलेत आणि त्यांना हे कुणी सांगितलेलं नसतं. कॉपीराइट कायदा १९५७ चा, त्यात २०१२ ला लेखकांच्या बाजूने मोठे बदल झाले. तुम्ही संहिता लिहिलीत त्या क्षणी ती तुमची, त्यासाठी कुठे नोंदणी करावीच लागते असं नाही. हक्क द्यायचे तर लेखी आणि तुमच्या सहीनेच देता येतात, तोंडी काही होत नाही. कुठले हक्क, किती वर्षांसाठी, कुठल्या प्रदेशासाठी हे त्यात लिहावं लागतं, मुदत लिहिली नसेल तर पाच वर्षं धरतात आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारत. घेतलेला हक्क वर्षभरात वापरला नाही तर तो लेखकाकडे परत येतो, पण करारात वेगळं काही लिहिलं नसेल तरच. म्हणून तर मसुद्यात कायमस्वरूपी, जगभर हे शब्द आधीच टाकून ठेवलेले असतात, एकेका शब्दाने कायद्याने दिलेली एकेक सोय जाते. एक गोष्ट मात्र सहीनेही जात नाही. सिनेमात गेलेल्या तुमच्या लिखाणाचा थिएटरबाहेर जो वापर होतो, टीव्हीवर वगैरे, त्याच्या रॉयल्टीतला तुमचा समान वाटा निर्मात्याला लिहून देता येत नाही, वारसांना किंवा रॉयल्टी गोळा करणाऱ्या लेखकांच्या सोसायटीलाच देता येतो. ते पैसे खरोखर हातात पडणं ही वेगळी लढाई आहे, पण हक्क तुमचा आहे हे माहीत असलेलं बरं.

मग मागायचं काय? फक्त सिनेमाचा हक्क द्या, एका सिनेमाचा. रंगमंचाचे, छापण्याचे, वाचनाचे हक्क माझ्याकडेच राहतील असं स्पष्ट लिहून घ्या. आणि लगेच हक्क देण्यापेक्षा ऑप्शन द्या, म्हणजे वर्ष-दीड वर्ष ही गोष्ट मी दुसऱ्या कुणाला देणार नाही, त्याबद्दल ही रक्कम, तेवढ्यात सिनेमा उभा राहिला तर ठरलेली पूर्ण किंमत देऊन हक्क घ्या, नाही राहिला तर गोष्ट परत माझी आणि ऑप्शनचे पैसेही माझे. एकवीस हजार ही ऑप्शनची रक्कम म्हणून मी समजू शकते, आख्ख्या नाटकाची किंमत म्हणून नाही. लिहिण्याचे पैसे वेगळे आणि ते टप्प्याटप्प्याने, सहीला काही, वनलाइन म्हणजे सीनवार आराखडा दिला की काही, पहिला ड्राफ्ट, शेवटचा ड्राफ्ट, आणि शूटिंग सुरू व्हायच्या आधी सगळा हिशोब पुरा. रिलीजच्या वेळी देतो म्हणाले तर नाही म्हणा, कितीतरी सिनेमे रिलीजपर्यंत पोचतच नाहीत. टीडीएस कापतील, त्याचं प्रमाणपत्र मागून घ्या. किती ड्राफ्ट ते पण लिहून घ्या, नाहीतर अकराव्या ड्राफ्टला पण तुम्ही फुकटच बसलेले असता. श्रेय असं हवं: मूळ नाटक आणि कथा तुमची, पटकथा तुम्ही लिहिलीत तर तीही तुमची, दुसऱ्या कुणी हात लावला तर त्याचं नाव तुमच्या जोडीला, तुमच्या जागी नाही. मुंबईत अंधेरीला स्क्रीनरायटर्स असोसिएशन आहे, तिचे सभासद व्हा, ऑनलाइन होता येतं, आणि संहिता तिथे नोंदवून ठेवा. तुमच्याकडे अजून एक भक्कम कागद आहे जो तुम्ही विसरलात, स्पर्धेला उतरताना रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं जे प्रमाणपत्र घेतलंत ते. आपण त्याला नुसतं सेन्सॉर म्हणतो आणि फाइलला लावून विसरतो. त्यावर नाटकाचं नाव, तुमचं नाव आणि तारीख आहे. त्याच्या तीन झेरॉक्स काढा आणि मूळ प्रत कपाटात ठेवा.

या सगळ्यावर मी इतकी अडून का बसलेय ते एका जुन्या खटल्यावरून सांगते. आर. जी. आनंद नावाचे दिल्लीचे नाटककार होते, त्यांचं हम हिंदुस्तानी हे नाटक १९५४ मध्ये रंगमंचावर आलं, प्रांताप्रांतातल्या भेदभावावरचं. ते चांगलं चाललं, सिनेमाच्या माणसाने पत्र पाठवलं, भेट झाली, आणि आनंदांनी आख्खं नाटक त्यांना वाचून दाखवलं. पुढे १९५६ मध्ये न्यू दिल्ली सिनेमा आला, विषय तोच, प्रांतवाद. आनंद कोर्टात गेले, खाली हरले, हायकोर्टात हरले, आणि १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टातही हरले. कोर्टाने सांगितलं की कल्पनेवर, विषयावर कुणाची मालकी नसते, मालकी असते ती मांडणीवर, आणि सिनेमाची मांडणी वेगळी आहे, ही नक्कल नाही. न्याय बरोबर की चूक यात मला पडायचं नाही, पण बावीस वर्षं एका नाटककाराची त्यात गेली हे माझ्या डोक्यातून जात नाही. म्हणून सांगते, जिनिंगबाहेरची रांग हा विषय कुणीही घेऊ शकतो, तुमची मालकी आहे ती तुमच्या बापावर, तुमच्या लेकावर, त्या तीन रात्रींच्या क्रमावर, म्हणजे कागदावर जे जे उतरलंय त्यावर. कुणालाही ऐकवायला जाताना आधी सिनॉप्सिस, म्हणजे गोष्टीचा सारांश, मेल करा मगच तोंड उघडा, आणि ऐकवून झालं की त्याच दिवशी, आज भेटून अमुक गोष्ट ऐकवली, असा दोन ओळींचा मेल टाका. मी हे केलं नव्हतं. मी भुसावळची, एकांकिका लिहीत लिहीत मुंबईला गेले आणि नऊ वर्षं मालिकांचे संवाद लिहिले. पहिल्याच वर्षी एका कॉफी शॉपमध्ये बसून एका माणसाला माझी गोष्ट दीड तास सांगितली, हातवारे करून, गाऊन. दोन वर्षांनी ती पडद्यावर दिसली, निम्मी बदललेली, निम्मी माझी. माझ्याजवळ दाखवायला एक चिठोरं नव्हतं. त्या रात्री मी लोकलमध्ये दारात उभी राहून रडले, नाव कुणाचं घेणार आणि कशाच्या जोरावर.

असो. आता लिहिण्याचं बोलू, कारण मला खरा जीव तिथे आहे, आणि तुमच्या पत्रात एक गृहीतक आहे ते मला मान्य नाही. तुम्ही लिहिलंय, माझी ताकद संवाद, म्हणून सिनेमात मला संवादच मिळणार. निर्मात्यालाही तेच वाटतंय, म्हणून तर कागदावर तुमचं नाव तिथे आहे. पण विजय तेंडुलकरांकडे बघा. शांतता! कोर्ट चालू आहे, घाशीराम, सखाराम लिहिलेला माणूस, मराठी संवाद ज्याच्या हातात वाकायचा. त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो मंथन या सिनेमाच्या पटकथेला, आणि मंथनचे संवाद त्यांचे नव्हतेच, कैफी आझमींचे होते. पुढे आक्रोश १९८० चा, त्याची पटकथा तेंडुलकरांची, आणि त्यातला लहान्या भिकू जवळजवळ आख्खा सिनेमा गप्प आहे. वकील विचारतो, तो बोलत नाही. कोर्टात बोलत नाही. संवादांवर नाव कमावलेल्या नाटककाराने न बोलणारा नायक मधोमध बसवला, यावर मी कितीतरी दिवस विचार करत होते. नाटकातून तेंडुलकरांनी सिनेमात जे नेलं ते वाक्यं नव्हती, कोण कुणावर दाब टाकतंय आणि तो दाब कधी फुटणार याची जाण होती. ती तुमच्याकडे आहे. तुमच्या पहिल्या अंकात ग्रेडर, म्हणजे कापसाची प्रत ठरवणारा माणूस, ट्रॉलीत हात घालतो आणि काही न बोलता पुढच्या ट्रॅक्टरकडे जातो, तिथेच आहे.

दुसऱ्या अंकातलं बापाचं स्वगत घ्या, तुम्ही पाठवलेल्या संहितेत ते चार पानं आहे. रंगमंचावर ते लागणारच, प्रेक्षक पंधराव्या रांगेत बसलेला असतो, त्याला बापाचे डोळे दिसत नाहीत, म्हणून बापाला बोलावं लागतं. हातातून जमीन कशी गेली, पोरीचं लग्न, सोसायटीचं कर्ज, सगळं तो बोलतो आणि छान बोलतो. पण त्याच अंकात तुम्ही कंसात एक सूचना लिहून ठेवलीय, बहुतेक तुमचंही लक्ष नसेल, की बाप रात्री ट्रॉलीतल्या कापसावरच झोपतो आणि सकाळी उठतो तेव्हा त्याच्या पाठीला कापूस चिकटलेला आहे. स्टेजवर हे कुणाला दिसणार पण नाही. कॅमेऱ्यासमोर हे ठेवून बघा. पहाट, थंडी, धुकं, पुढे चाळीस ट्रॅक्टर, बाप पाठमोरा उभा राहून बिडी पेटवतोय, आणि लेक मागून येऊन त्याच्या सदऱ्याला, मानेला, केसांना चिकटलेले कापसाचे पुंजके एक एक करून काढतो आणि एक एक परत ट्रॉलीत टाकतो. फेकत नाही, परत ट्रॉलीत टाकतो. कारण तोही वजनात जाणार आहे. ते बघितल्यावर कर्ज किती आणि कुणाचं ते प्रेक्षकाला सांगायची गरज राहील का, तुम्हीच सांगा. चार पानांतलं तीन पान तिथेच आलं. उरलेलं एक पान कुठलं ठेवायचं हे शोधणं म्हणजे पटकथा लिहिणं, आणि हे काम त्या नाटकाच्या लेखकाइतकं चांगलं दुसरा कुणी करेल असं मला तरी वाटत नाही. म्हणून संवादाच्या खुर्चीवर समाधान मानू नका, पटकथा मागा. आधी शिकावं लागेल हे खरं. फिल्म इन्स्टिट्यूटचे पटकथेचे छोटे कोर्स असतात, ऑनलाइन पण होतात, सुट्टीत एखादा करा. आणि घरी एवढंच करा, आवडता एखादा सिनेमा लावा, आवाज बंद करा, आणि काय काय कळतंय ते वहीत लिहा.

अहिराणीचं. हे पान वाचताना मला तुमचा राग पण कळला आणि निर्मात्याची भीती पण. त्याला वाटतं पुण्या-मुंबईच्या माणसाला कळलं नाही तर तिकीट कोण काढणार, चॅनेल कोण घेणार, आणि पैसा त्याचा आहे. पण २०१६ मध्ये सैराट करमाळ्याकडची बोली तोंडात घेऊन आख्ख्या महाराष्ट्रात चालला, लोकांनी ती उचलली, तेव्हा बोली म्हणजे तोटाच हे काही खरं नाही. अहिराणी त्याहून लांब पडते हे मान्य, शे आणि राह्यना ऐकून नगरकडचा माणूस क्षणभर थबकतोच. तर मग कोण कुठे काय बोलतं ते ठरवा. ग्रेडर मराठी बोलेल, ऑफिस मराठी बोलेल, लेक शिकलेला आहे तो दोन्ही बोलेल, आणि बाप फक्त अहिराणी बोलेल, शेवटपर्यंत. तशीही हीच आपल्याकडची खरी परिस्थिती आहे, बाजारात कोण कुणाशी कुठल्या भाषेत बोलतं यावरूनच कुणाचं किती चालतं ते कळतं. ही तडजोड नाही, याने नाटक उलट धारदार होतं. आणि निर्मात्याशी वाद घालत बसू नका, त्याला ऐकवा. बापाचं ते वाक्य, आते मी काय बोलू, कापूसच बोली राह्यना, हे तुमच्या नटाकडून म्हणवून घ्या, फोनवर रेकॉर्ड करा, लगेच खाली, आता मी काय बोलू, कापूसच बोलतोय, असं त्याच नटाच्या आवाजात रेकॉर्ड करा, आणि दोन्ही पाठवा. कानाला कळतं ते कान सांगतो. तरीही त्याने नाहीच म्हटलं तर मात्र हा सिनेमा त्याच्यासोबत करायचा की नाही हे तुम्ही ठरवायचं, माझ्या मते नाही करायचा, दुसरी गोष्ट द्या त्याला, ही नको.

नोकरीबद्दल माझं मत सरळ आहे, सोडू नका. आत्ता तरी नाही. दोन लेकरं आणि हप्ता असताना एका ऑप्शनवर राजीनामा देऊ नये, कारण मग तुम्ही भाडं भरायला मिळेल ते लिहाल आणि टेबलावर नाही म्हणायची ताकद जाईल. माझी गेली होती. सकाळी अकराला सीन यायचा, दुपारी दोनपर्यंत संवाद मेल करायचे, मधे जेवण पण नाही, आणि नऊ वर्षांत मी स्वतःची एक एकांकिका लिहिली नाही. पैसे मिळाले, खोटं कशाला बोलू, वडिलांचं ऑपरेशन त्यातून झालं आणि त्या कामाने मला वेळेवर लिहायची शिस्त लावली. पण ते काम करायला मी घरदार सोडून गेले होते, तुम्हाला पटकथेसाठी सोडावं लागत नाही. लिहायला खोली लागते, ती अमळनेरलाही आहे. मुंबई लागते ती बैठकांना, आणि बैठका महिन्यातून दोन. खान्देश एक्सप्रेस अमळनेरवरून मुंबईला जाते, ती ज्या दिवशी नसेल त्या दिवशी जळगाव गाठून रात्रीची गाडी धरा, सव्वाचारशे किलोमीटर झोपेत जातात, रविवारी दिवसभर बसा, सोमवारी शाळेत थोडे डोळे लाल असतील एवढंच. मधल्या बैठका व्हिडिओ कॉलवर. पहिला ड्राफ्ट उन्हाळ्याच्या सुट्टीत, दुसरा दिवाळीच्या. संस्थेची लेखी परवानगी मात्र आधी घ्या, बाहेरचं मानधन घेताना अनुदानित शाळेत ती नसली की नंतर कुणीतरी अर्ज करतो. शूटिंगच्या वेळी थांबावंसं वाटलं तर बिनपगारी रजेचं बघता येईल, ते पुढचं पुढे. नागपूरला महेश एलकुंचवार कॉलेजात इंग्रजी शिकवायचे, त्यांच्या होळी या नाटकावर केतन मेहतांनी आणि पार्टी या नाटकावर गोविंद निहलानींनी सिनेमा केला, दोन्ही १९८४ चे, पटकथेत त्यांचा हात होता, आणि वर्षभरात त्यांचं वाडा चिरेबंदी रंगमंचावर आलं. नागपूर सोडलं नाही, नाटक सोडलं नाही. सहा महिने येऊन राहाच असा निर्मात्याचा हट्ट असेल तर त्याला विचारा, का? बऱ्याचदा उत्तर एवढंच असतं की त्याला लेखक हाताशी हवा असतो.

आता तुमचे दिग्दर्शक जे बोलले ते. नाटकावर पाय देऊन वर चढतोयस. या वाक्यात एक चूक आहे, सिनेमा वर आणि नाटक खाली असं त्यांनीच धरलंय, ज्यांनी आयुष्य नाटकाला दिलं त्यांनी. त्यांना हे भांडून नका सांगू. तुमच्याच अमळनेरला शिकवलेल्या साने गुरुजींच्या श्यामची आईवर अत्र्यांनी १९५३ मध्ये सिनेमा केला, पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक त्याला मिळालं, आणि अत्रे त्याच्या कितीतरी आधीपासून नाटककार होते, नंतरही राहिले, त्यांना कुणी नाटकातून काढलं नाही. पण मला वाटतं तुमचे सर नाटकाबद्दल बोलतच नव्हते. ते घाबरलेत. पुढच्या वर्षी स्पर्धेला संहिता कोण देणार, ग्रुपचं काय होणार, बारा वर्षं दर नोव्हेंबरात ज्या हॉलमध्ये तुम्ही सगळे वडापाव खाऊन तालीम करता तो हॉल रिकामा राहील का, ही भीती आहे. त्याला उत्तर एकच, पुढच्या वर्षीच्या नाटकाचा पहिला अंक लिहून त्यांच्या हातात द्या. करारात पण एक ओळ घालून घ्या, की नोव्हेंबर-डिसेंबरात स्पर्धेसाठी मी मोकळा असेन. निर्माते अशा गोष्टी मान्य करतात, आधी सांगितल्या तर.

आणि पाचव्या पानावर तुम्ही अगदी सहज एक गोष्ट लिहून गेलात. नाटकाची सुरुवात, रात्री शेकोटीभोवती डफावर वही, म्हणजे आपल्या खान्देशातलं लोकगीत, म्हणतात तो प्रवेश, तुमच्या मूळ संहितेत नव्हता. तो तालमीत आला, तुमच्यातल्या एका पोराने त्याच्या आजोबांकडून ऐकलेली वही म्हणून दाखवली आणि तुम्ही ती तिथेच बसवलीत. आता तो पोरगा तुमच्याशी बोलत नाही. भाऊ, निर्मात्याने तुम्हाला फोनवर काय सांगितलं होतं? की त्या वहीच्या सुरुवातीनेच आपण खुर्चीत सरसावून बसलो. म्हणजे तुमच्या नाटकाचा मुंबईला पोचलेला पहिला तुकडा त्याच्या आजोबांचा आहे. तुमचं नाव कागदावर नीट लागावं म्हणून मी इतका वेळ लिहितेय, तसंच त्याचंही लागायला नको का? तालमीत प्रत्येक नट काहीतरी देतोच, एखादं वाक्य, एखादी हालचाल, ते सगळं संहितेचा भाग धरत नाहीत आणि धरूही नये, नाहीतर कुणाला लिहिताच येणार नाही. पण आख्खा प्रवेश, घरातून आलेलं गाणं, हे वेगळं. वही लोकांची आहे, कुणा एकाची मालकी नाही हे खरं, पण ती आणली कुणी, म्हटली कुणी, हे तर एकाचंच आहे ना. सिनेमात ती वापरली तर लोकगीत संकलन म्हणून त्याचं नाव आणि त्याला मानधन, आणि पडद्यावर त्यानेच म्हणावी अशी अट तुम्ही घाला. माझ्या अंदाजाने त्याला पैशापेक्षा हे जास्त लागलंय की बातमी त्याला दुसऱ्याकडून कळली.

त्याला फोन करू नका, घरी जा. आजोबा असतील तर त्यांनाही भेटा, वही त्यांच्याकडून परत एकदा पूर्ण ऐका, शब्द लिहून घ्या, कारण स्टेजवर तुम्ही चारच कडवी घेतली होती. संहिता सोबत न्या आणि पहिल्या पानावर तुमच्या नावाखाली त्याचं नाव कुठल्या शब्दांत लिहायचं ते त्यालाच विचारा. मुंबईला फोन त्यानंतर करा.